मधले नऊ दिवस

१२ मे, नवीन पनवेल

आज दुपारी राज्यमंत्रिपदाची शपथ घेतली. शपथ झाल्यावर राज्यपालांना नमस्कार करायचा असतो. मी सॅल्यूट ठोकला. पस्तीस वर्षांची सवय, हात आपोआप वर गेला. लोक हसतील असं वाटलं होतं, पण टाळ्या पडल्या आणि संध्याकाळपर्यंत तो फोटो सगळ्यांच्या मोबाइलवर पोचला. देवेश म्हणाला, "सर, आज पक्षाने जे कमावलं ते या एका सॅल्यूटने." देवेश हा माझा खासगी सचिव. पक्षानेच दिला आहे. पस्तिशीचा, हुशार, सगळीकडे ओळखी. इतका तत्पर माणूस मला पलटणीतही मिळाला नव्हता.

रमाला कौतुक कमी. "बंद गळ्याच्या कोटात तुम्ही लग्नातल्या बँडवाल्यासारखे दिसत होतात," म्हणाली. लग्नाला सदतीस वर्षं झाली की बायकोकडून एवढंच मिळतं.

निवडणूक लढलो नाही. विधान परिषदेवर घेतलं आणि तिथून मंत्रिमंडळात. ब्रिगेडियर गुरुदत्त गुप्ते, राज्यमंत्री. कागदावर लिहून पाहिलं. बरं दिसतं.

२० मे

मंत्रालयात सकाळी नऊला पोचलो. झाडू मारणाऱ्या वेणूबाई सोडल्या तर मजल्यावर कुणी नाही आणि माझ्याच दालनाची किल्ली कुणाकडे ते त्यांनाही ठाऊक नाही. बाकावर बसून पेपर वाचला. साडेदहाला देवेश आला. "सर, तुम्ही अकराला आलात तर सगळ्यांचीच सोय होईल." शेवटी दहा ठरले.

माझ्याकडच्या विषयांत खाडीकाठच्या खारजमिनीचे बांध आहेत. उधाणाचं पाणी भातशेतीत शिरू नये म्हणून घातलेले मातीचे लांबच लांब बांध आणि पावसाचं पाणी बाहेर सोडायची दारं. त्या दारांना आमच्याकडे उघाडी म्हणतात. पनवेल-उरणच्या पट्ट्यात असे बांध पुष्कळ. मी पनवेलचा, पण लहानपणी त्या बांधांवर पतंग उडवण्यापलीकडे काही केलं नव्हतं. आता तेच माझ्याकडे आले याचं मनापासून बरं वाटलं.

११ जून

या आठवड्यात नऊ कार्यक्रम. कामोठ्यात एका अभ्यासिकेचं उद्घाटन, दोन शाळा, एक रक्तदान शिबिर, बाकीचे आठवत नाहीत. प्रत्येक ठिकाणी मेडल्स लावून या असा निरोप. लोकांना सैन्याबद्दल इतका आदर आहे हे पाहून भरून येतं.

फायली मात्र देवेश आधीच चाळून ठेवतो. माझ्याकडे येतात त्या सहीपुरत्या. मी म्हटलं, मलाही वाचू दे. तो म्हणाला, "सर, तुमचा वेळ फार मोलाचा आहे." माझी इतकी काळजी घेणारं माणूस सध्या तरी तेच.

९ जुलै

अधिवेशन. आज पहिल्यांदा सभागृहात उत्तर दिलं. वेणखार गावाच्या बांधाबद्दल प्रश्न होता. खात्याने उत्तर लिहून दिलं होतं: बांधाचं काम मार्चअखेर पूर्ण झालेलं आहे. खात्याच्या सचिवांना विचारलं, "नक्की?" ते म्हणाले, "अहवाल आहे, सर." मग प्रश्नच मिटला. सरहद्दीवर गस्तीची तुकडी परत आली आणि म्हणाली वाट मोकळी आहे, तर वाट मोकळी असते. त्या शब्दावर दुसऱ्या दिवशी माणसं त्या वाटेने जातात. त्यामुळे कुणी खोटा अहवाल देत नाही.

खणखणीत आवाजात वाचलं. बाकं वाजली. पक्षाच्या नेत्यांनी मागे वळून मान डोलावली. खोटं कशाला बोलू, हरखून गेलो.

१३ जुलै, रविवार

सकाळी काशीराम आला. हवालदार काशीराम ठाकूर. मी मेजर असताना माझ्या कंपनीत होता. बर्फात अकरा महिने एकाच चौकीवर काढलेत आम्ही. निवृत्त होऊन वेणखारला शेती करतो. बायकोने, मालूने, चिंबोऱ्यांचं कालवण डब्यातून पाठवलं होतं. रमाने डबा दारातच ताब्यात घेतला.

काशीराम बसेना. उभाच.

"साहेब, तुमाला टीवीवर पायला. आवाज अजून तसाच हाय."

"बस रे."

"तुमी बोल्ले आमचा बांद पुरा झाला."

"झालाय ना?"

"नाय साहेब. उघाडीकडची दोनशे पावलं नुसती माती वतून ठेवलीय. दाबली नाय, वरनं दगडाचं पिचिंग नाय. आमी दरसाल अवसेच्या उधानाआधी घरटी एक मानूस देतो, काय लागंल ती डागडुजी करतो. यंदा विंजिनेर आला नि बोल्ला, सरकारी पुरं झालेलं काम हाय, हात लावलाव तर केस करीन."

"मग खात्याला दुरुस्तीचा अर्ज द्या."

"दिला. ते बोल्ले, झालेल्या कामाची दुरुस्ती कशी निघंल?" मग जरा थांबून, "साहेब, पैका नको. मशीन नको. फकत हात लावाया परवानगीचा कागद द्या. बाकी आमी करतो."

मी म्हटलं, अहवालात तसं नाही. त्याने टाचा जुळवल्या. "बरोबर असंल साहेब. तुमी बोल्ले म्हंजे माझंच काय चुकलं असंल."

तो गेल्यावर कालवण चांगलं लागलं नाही.

१४ जुलै

पहाटे स्वतः गाडी घेऊन गेलो. काशीरामखेरीज कुणाला सांगितलं नाही. काशीराम उघाडीपाशी उभा होता. पाऊस धो धो, बांधावर आमच्या दोघांखेरीज चिटपाखरू नाही. ती दोनशे पावलं चाललो. शेवटाकडे छत्री टेकवली तर मुठीपर्यंत आत गेली.

बांधाच्या आत नुकती लावणी झालेली. कोवळी हिरवी रोपं, ओळी सरळ. पहिली दोन शेतं काशीरामची. त्यामागे जुना, गुडघ्याएवढा आतला बांध आणि त्याच्यामागे सगळ्या गावाची जमीन. "खारं पानी एकदा शिरलं का तीन पावसालं भात नाय," तो म्हणाला.

अहवाल खोटा आहे. मी सभागृहात खोटं बोललो आहे, न कळता. आता कळलं.

१५ जुलै

सचिवांना बोलावलं. ते शांत. "सर, बांध अपुरा असेल. पण तुम्ही सभागृहात पूर्ण म्हणालात. आता गावाला परवानगीचं पत्र दिलं तर तुमचंच उत्तर खोटं ठरतं. उत्तर स्वतःहून दुरुस्त करता येतं, पण विरोधक हक्कभंग आणतील. तुमची इच्छा."

देवेशने दार लावून घेतलं. अठ्ठावीसला मंत्रिमंडळाचा विस्तार आहे आणि यादीत माझं नाव आहे. कॅबिनेट. नेते स्वतः म्हणाले म्हणे, ब्रिगेडियरसाहेबांना मोठं काम द्यायचंय. "सर, तेरा दिवस फक्त. मग खातंच तुमचं. एक बांध काय, सगळे बांध दुरुस्त करा. आज बोललात तर बांधही नाही आणि खातंही नाही."

विचार केला. मुलगा बरोबर बोलतोय. कुमक येण्याआधी चढाई करणं हा मूर्खपणा आहे, हे मी स्वतः तरुण अधिकाऱ्यांना शिकवलं आहे. थांबायचं ठरवलं.

१७ जुलै

काशीरामला फोन केला. अठ्ठावीसपर्यंत थांब, म्हटलं.

"साहेब, अवस चोवीसला हाय. उधान पंचवीसला येतंय."

"दरवर्षी काय बांध फुटतो का?"

"दरसाल आमी बांदतो म्हनून नाय फुटत."

मी पुन्हा म्हटलं, अठ्ठावीस. "बरं साहेब. तुमी बोलताव तर थांबतो. गावात मी सांगतो काय ते."

असे जवान आता मिळत नाहीत. रमाला हे सांगितलं तर ती उठून आत गेली. तिला दोन दिवस पित्ताचा त्रास आहे.

२० जुलै

नव्या कोटाचं माप दिलं. शिंपी म्हणाला, "साहेब, खांदे अजून फौजीच आहेत." खूश झालो. मग परतीच्या वाटेवर पळस्प्याला सिग्नलवर गाडी थांबली आणि उगाचच वेणखारची रोपं डोळ्यांसमोर आली. हे आता रोज होतंय. सकाळी दाढी करताना, जेवताना, सभागृहात बसल्या बसल्या. चोवीस, पंचवीस. चोवीस, पंचवीस. कुमक येते आहे, असं स्वतःला बजावतो.

२२ जुलै

संध्याकाळी चहा घेताना रमाने विचारलं, "अठ्ठावीसला तुम्ही कोण होणार?"

"कॅबिनेट मंत्री."

"आणि पंचवीसला कोण असाल?"

मी कप खाली ठेवला. ती पुढे म्हणाली, "मी तुमच्याबरोबर चौदा घरं बदलली. पोरीची शाळा सहा वेळा बदलली. कधी कुरकुर केली नाही, कारण तुम्ही खोटं वागत नाही एवढी एक गोष्ट पक्की होती. मला पित्त वगैरे काही झालेलं नाही."

लाज वाटली. दुसरा शब्द सुचत नाही. आठ दिवस मी स्वतःला लढाईचे डावपेच सांगत बसलो आणि गोष्ट साधी होती: मला मोठी खुर्ची हवी होती.

२३ जुलै

सभागृहात उभा राहिलो. देवेशला आधी सांगितलं नव्हतं. "नऊ जुलैला मी दिलेलं उत्तर चुकीचं होतं. वेणखारचा बांध अपुरा आहे. मी तो स्वतः पाहिला आहे. गावाला दुरुस्तीची परवानगी मी आज देत आहे." समोरच्या बाजूने आरडाओरडा, आमच्या बाजूला शुकशुकाट. कुणीतरी "शाबास" म्हणालं, तेही समोरूनच.

बांध कधी पाहिलात, हे कुणी विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

पत्र हाताने लिहिलं, सही केली, फोटो काढून काशीरामला पाठवला. पाच मिनिटांत त्याचा फोन. "आलं साहेब. मानसं निंगाली."

२५ जुलै

सकाळी सातला वेणखारला पोचलो. रमाही आली. गाव काल दिवसभर बांधावरच होतं. घरटी एक माणूस म्हणतात, पण अख्खं गाव उतरलं होतं. चिखल, पेंढा, मातीची पोती. मीही पोत्यांच्या रांगेत उभा राहिलो. पहिल्यांदा सगळे अवघडले. मग काशीराम म्हणाला, "ऱ्हाऊ द्या, साहेबाला सवय हाय," आणि पोती येऊ लागली.

भरती दुपारी पाऊण वाजताची. अकरापर्यंत उघाडीच्या उजवीकडचं काम घट्ट झालं होतं. डावीकडची शंभर पावलं राहिली होती. साडेअकराला तिथे पाणी पाझरायला लागलं. मी म्हटलं, सगळी माणसं डावीकडे लावू. काशीरामने एकदा खाडीकडे बघितलं, एकदा मागे.

"नाय. ह्यो जातोय. मागल्या बांदावर चला! पोती मागं घ्या!"

मागचा बांध धरायचा म्हणजे मधली जमीन समुद्राला द्यायची. मधली जमीन त्याची. हा हुकूम द्यायला मला वेळ लागला असता. त्याला लागला नाही.

साडेबाराला पुढच्या बांधाला खांड पडली. मोठा आवाज वगैरे काही नाही. माती बसली आणि पाणी आत आलं. काशीरामची दोन शेतं बघता बघता दिसेनाशी झाली. मागचा बांध मात्र टिकला. दोन वाजता पाणी ओसरलं तेव्हा गावाची सगळी जमीन कोरडी होती आणि ती दोन शेतं खाडी झाली होती.

मालू आतल्या बांधावर बसली होती, पदर डोक्यावर. रडत नव्हती. काशीराम माझ्याशेजारी येऊन उभा राहिला. "आनखी आठ दिस मिललं असतं तर फुडलाच धरला असता," म्हणाला. तक्रार म्हणून नाही. कामाचा हिशेब सांगावा तसं. तक्रार केली असती तर बरं झालं असतं.

२६ जुलै

पेपरांत माझे फोटो. चिखलाने माखलेला, खांद्यावर पोतं. "सैनिकी बाणा", "चूक कबूल करणारा मंत्री". जुन्या सहकाऱ्यांचे फोन. मुलीने, चारुताने, पुण्याहून रडत रडत अभिनंदन केलं. सगळ्यांचे आभार मानले. प्रत्येक वेळी तोंडात माती आल्यासारखं झालं.

२८ जुलै

यादीत माझं नाव नाही. सकाळी देवेश राजीनाम्याचा मसुदा घेऊन घरी आला. शब्द फार चांगले लिहिले होते, "प्रकृतीच्या कारणास्तव". मी ते खोडलं आणि कारण न देता सही केली. त्याचे डोळे पाणावले होते. संध्याकाळी टीव्हीवर तो नव्या मंत्र्याच्या मागे उभा दिसला, तीच फाइल हातात. बिचाऱ्याला जावं लागलंच असणार.

"बिचारा?" रमा म्हणाली आणि टीव्ही बंद केला.

पस्तीस वर्षं वर्दीत आणि मग या कोटात, कुठल्या ना कुठल्या हुद्द्यातच काढली, असं मी म्हणत असतो. आज पहिल्यांदा दारावरची पाटी काढली. चार स्क्रू होते.

३१ जुलै

काशीरामचा फोन. गावाने रविवारी माझा सत्कार ठरवलाय. मी नको म्हटलं. तो ऐकेना. मग हळूच म्हणाला, "साहेब, गावात मी सांगितलाय, तुमाला आदल्याच दिशी कललं. बावीसला. कोनी इचारलं तर तेवढं ध्यानात ठेवा."

माझा हवालदार मला सांभाळून घेतोय. स्वतःची दोन शेतं गेली आणि माझ्यासाठी गावाशी खोटं बोलतोय. मालूलाही त्याने तेच सांगितलं आहे.

३ ऑगस्ट, रविवार

देवळासमोर मंडप. रमा बायकांत बसली. सरपंच कीर्तीताईंनी शाल उलगडली, तेव्हा मी हात धरला त्यांचा. माइक घेतला.

"चौदा जुलैला मी बांध पाहिला. तेवीसला बोललो. मधले नऊ दिवस मी गप्प होतो. काशीरामने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. त्याला थांबायला मी सांगितलं. त्याच्याकडे बोट दाखवू नका."

काशीरामने मान खाली घातली. त्याला मी गावासमोर खोटं पाडलं हे मला तेव्हा दिसलं. कीर्तीताईंनी शाल घडी करून टेबलावर ठेवली. मागून कमलाकर नावाच्या एका म्हाताऱ्याने विचारलं, "मंग का थांबलाव?"

"मोठं मंत्रिपद मिळणार होतं."

"मिललं का?"

"नाही."

तो फक्त "बरं" म्हणाला. माणसं हळूहळू उठली. शिव्या दिल्या नाहीत, जेवायला थांबा असंही कुणी म्हणालं नाही. तेच योग्य होतं.

गाडीपाशी मालू आली. माझ्याहून दहा वर्षांनी लहान असेल, पण चेहरा थकलेला. "साहेब, मनाला लावून घेऊ नका," म्हणाली. "मंत्र्याला का एक काम असतं? त्या मोठ्या पदाच्या व्यापात आमचं इसरलं असंल. मानूसच हाय."

मी मान हलवली. गाडीत बसलो.

पळस्प्यापर्यंत आलो. मालूने मला क्षमा केली होती, पण मी न केलेल्या चुकीची. विसरणं माफ होतं. मी विसरलो नव्हतो. फाट्यावरून गाडी वळवली. रमाने का म्हणून विचारलं नाही.

मालू ओटीवर तांदूळ निवडत होती, गेल्या सालचे. मी खालच्या पायरीवर उभा राहिलो.

"मालूताई, मी विसरलो नव्हतो. रोज आठवत होतं. तुमची शेतं, रोपं, तारीख, सगळं. रोज. आणि रोज मी थांबायचं ठरवत होतो."

तिचा हात सुपात थांबला. रागावली असती तर मी उभा राहू शकलो असतो.

"हे नसतं सांगितलं तरी चाललं असतं, साहेब," ती म्हणाली. "आता ते मलाबी रोज आठवंल."

ती सूप उचलून आत गेली. आम्ही घरी आलो तेव्हा साडेसहा झाले होते.